रानजायफळाच्या राईत

कंधारच्या माणसाला पाण्याची किंमत कोणी सांगू नये. आमच्या गावाचा सगळा इतिहासच मुळी पाणी अडवण्याचा, साठवण्याचा आणि राखण्याचा आहे. राष्ट्रकूट राजांच्या काळात, म्हणजे हजार वर्षांहून अधिक काळापूर्वी, येथे एक विस्तीर्ण तलाव बांधला गेला आणि त्याचे नाव ठेवण्यात आले 'जगत्तुंग समुद्र'. खरा समुद्र येथून चारशे किलोमीटरांच्या पलीकडे. गावातल्या कित्येकांनी तो सिनेमातच पाहिलेला! पण ज्याला तहान ठाऊक आहे त्याला तलावही समुद्राएवढा वाटतो, आणि त्या नावात मला कधी अतिशयोक्ती वाटली नाही. पुढे किल्ला झाला, किल्ल्याला खंदक झाला. आजही बाहेरगावचा पाहुणा आला की आम्ही त्याला आधी किल्ला दाखवितो, मग अवाढव्य क्षेत्रपालाच्या मूर्तीचे अवशेष दाखवितो, आणि पाहुणा उन्हाने पुरता लाल झाला म्हणजे तलावाच्या काठी नेऊन बसवितो.

बालाघाटच्या रांगांमधला हा मुलूख. लिंब, बाभूळ, पळस आणि सीताफळ ही आमची झाडे. पाण्यावाचून दिवस काढणे हा त्यांचा स्वभावच. एप्रिलात पळसाला पान नसते तरी तो फुलून दाखवितो. सीताफळी तर खडकाच्या फटीतून उगवते आणि कोणाकडे काही मागत नाही. अशा गावात उभे आयुष्य काढलेल्या मराठीच्या प्राध्यापकाने, जन्मभर पाण्यात उभे राहणाऱ्या एका झाडाच्या भेटीला सहाशे किलोमीटर जावे, ही गोष्ट आमच्या स्टाफरूममध्ये दोन आठवडे चेष्टेला पुरली. वनस्पतिशास्त्राचे प्राध्यापक तर म्हणाले, "अहो, आमच्या प्रांतात तुमचे काय काम?" त्यांना मी एवढेच सांगितले, की मी झाडाच्या मागे निघालेलो नाही, एका शब्दाच्या मागे निघालो आहे.

तो शब्द म्हणजे रामपत्री. उन्हाळ्याच्या तोंडाशी घरोघर काळ्या मसाल्याची तयारी सुरू होते. आमच्या सौभाग्यवतींनी यादी दिली आणि मी धाकट्या कन्येला घेऊन वाण्याकडे गेलो. दगडफूल, नागकेशर, चक्रीफूल, बादियान की काय ते, असे करीत वाण्याने शेवटी एका बरणीतून वाळक्या, तांबूस-पिवळ्या, बोटांसारख्या चिरफाळलेल्या पाकळ्या काढल्या. "ही रामपत्री, सर." झाले! कन्येने रस्ताभर भंडावून सोडले. जायपत्री आणि रामपत्री ह्यांत फरक काय? रामाचा आणि पत्रीचा संबंध काय? झाड कसे असते?

पहिल्या प्रश्नाला माझ्याजवळ उत्तर होते. संस्कृतात जायफळाला 'जातीफल' आणि त्याच्या बीवरच्या लाल जाळीदार वेष्टनाला 'जातीपत्री' म्हणतात. 'जाती' म्हणजे सुगंधी चमेलीची वेल. तिचीच आपण मराठीत 'जाई' केली. म्हणजे जाई, जायफळ आणि जायपत्री ह्या तिघी एकाच शब्दाच्या लेकी. खरे जायफळ आपल्याकडचे नव्हे. त्याचे माहेर दूर, आजच्या इंडोनेशियातल्या बांदा नावाच्या इवल्याशा बेटांवर. कित्येक शतके जगाला जायफळ मिळे ते तेवढ्या बेटांवरून. त्या वासासाठी डचांनी १६२१ साली बांदाच्या लोकांची कत्तल केली, आणि पुढे १६६७ च्या तहात त्यांतलेच 'रन' नावाचे एक बेट पक्के आपल्याकडे ठेवून इंग्रजांना अमेरिकेतल्या मॅनहॅटनवरचा हक्क सोडून दिला. आज न्यूयॉर्कच्या गगनचुंबी इमारती ज्या भूमीवर उभ्या आहेत ती एकदा जायफळाच्या बदल्यात दिली गेली होती! श्रीखंडात जायफळ उगाळताना हे आठवले तर हात जरा जपून चालेल.

रामपत्री मात्र अस्सल आपली. पश्चिम घाटाच्या सदाहरित रानात जायफळाच्या कुळातली पाच झाडे रानोमाळ वाढतात. त्यांतल्याच एकाच्या बीवरचे वेष्टन म्हणजे रामपत्री. वास जायपत्रीहून मंद. पण रंग-रूप असे, की व्यापारी जगात तिला 'मुंबईची जायपत्री' हे नाव पडले आणि खऱ्या जायपत्रीत भेसळ करायला तिचा फार उपयोग झाला. मसाल्यासाठी पिकण्याआधीच फळे ओरबाडली गेली, बी रुजायला उरेना, आणि आज ते झाडही संकटग्रस्तांच्या यादीत जाऊन बसले आहे. आमच्या कंधारच्या वाण्याच्या बरणीत जे मूठभर असते त्याच्यामागे एवढे रामायण आहे.

आता 'झाड कसे असते' हा तिसरा प्रश्न. त्याचे उत्तर कंधारात बसून देता येण्यासारखे नव्हते.

माझा एक जुना विद्यार्थी गेली अकरा वर्षे सिंधुदुर्ग जिल्ह्यात, दोडामार्ग तालुक्यात प्राथमिक शिक्षक आहे. मराठवाड्यातली अशी कितीतरी मुले नोकरीच्या निमित्ताने कोकणात गेली आहेत. भाकरी सोडून भातावर राहिली, पावसाला कंटाळली, तरी वाड्यावस्त्यांवरच्या शाळा चालवीत राहिली. घरी म्हातारे आईवडील आणि चार एकर कोरडवाहू. म्हणून दर खेपेला आंतरजिल्हा बदलीचा अर्ज करायचा आणि यादीत आपले नाव शोधायचे. मी त्याला फोन केला तेव्हा तो हसून म्हणाला, "सर, रामपत्री तर आहेच, पण तिची एक थोरली बहीण आमच्या तालुक्यात आहे. अख्ख्या महाराष्ट्रात दुसरीकडं कुठं नाही म्हणतात. पाण्यात उभी असते. माझी बदली व्हायच्या आत येऊन जावा."

मे महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यात निघालो. निघताना बस-स्टँडावर आमच्या बी.ए.च्या वर्गातला एक मुलगा भेटला. "कुठं चाललाव सर?" सांगितले. "मग एखादं बी आणा की. कॉलेजच्या आवारात लावू." मी बरे म्हणालो. त्या बीची कथा पुढे येईल.

लातूर, सोलापूर, कोल्हापूर हा प्रवास लिहिण्यासारखा नाही, उन्हात एस्.टी.तून जे होते ते झाले. कोल्हापूर सोडून चंदगडकडे वळलो आणि हवा बदलली. चंदगडच्या पुढे तिलारीचा घाट. घाट कसला, आभाळातून कोकणात सोडलेली शिडीच! जीपचा चालक एका हाताने वळणे घेत होता आणि दुसऱ्या हाताने मला दऱ्या दाखवीत होता. मी दऱ्या न पाहता त्याच्या त्या दुसऱ्या हाताकडेच पाहत होतो. खाली उतरलो तेव्हा एका तासात जणू दुसऱ्या देशात आलो होतो. आमच्याकडे वर्षाला नऊशे मिलिमीटरच्या आसपास पाऊस होतो आणि तेवढा झाला तरी आम्ही पेढे वाटतो. येथे तीन हजारांच्या वर पडतो आणि लोक छत्री विसरल्याबद्दल हळहळतात, एवढेच.

दोडामार्ग हा महाराष्ट्राचा अगदी दक्षिणेकडचा कोपरा. पलीकडे गोवा. मधे तिलारीचे धरण. डोंगरउतारांवर काजू, खाली पोफळी आणि नारळ, आणि अलीकडच्या वर्षांत केळी, अननस आणि रबराच्या बागा. रबराची झाडे शाळेच्या प्रार्थनेला उभी राहिल्यासारखी एका ओळीत उभी होती. प्रत्येकाच्या छातीला चीर आणि खाली वाटी बांधलेली. आमच्या गुरुजींनी (विद्यार्थी असला तरी आता तो गावाचा गुरुजी, मीही त्याला तसेच म्हणू लागलो) एका टेकडीकडे बोट दाखवून सांगितले, "मी आलो तेव्हा हे सगळं रान होतं." अकरा वर्षे म्हणजे काही फार मोठा काळ नव्हे.

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही हेवाळे-बांबर्ड्याकडे निघालो. बरोबर गावातले एक आजोबा होते. सत्तरीचे, काटक, खांद्यावर टॉवेल, कमरेला आकडी, पण आकडीत कोयती नाही. कोयती का घेतली नाही म्हणून विचारले, तर म्हणाले, "देवाच्या रानात लोखंड कित्याक?" वाटेत त्यांनी हत्तीच्या पायाचा ठसा दाखविला. २००२ सालापासून कर्नाटकातून हत्ती ह्या तालुक्यात उतरू लागले आहेत, आणि बागायतदारांच्या झोपा त्यांनी नेल्या आहेत. ठशात पावसाळ्यात पाणी साचून त्यात बेडकांची पिल्ले राहत असतील इतका तो मोठा. मी गुपचूप आजोबांच्या आणि गुरुजींच्या मधोमध चालू लागलो.

भालांडेश्वराची देवराई बाहेरून पाहिली तर फारसे काही वाटत नाही. काजूच्या उतारावरून खाली पाहावे तो एक गर्द हिरवा ढीग दिसतो, एवढेच. पण जवळ गेलो आणि ऊन एकाएकी थांबले. आम्हा मराठवाड्याच्या माणसांना ऊन थांबणे म्हणजे काय ते ठाऊक नसते. आमच्या झाडांची सावलीसुद्धा चाळणीसारखी. येथे मात्र दार लावून घेतल्यासारखे झाले.

"पायताणा हयसर ठेवा, मास्तर," आजोबा म्हणाले. आम्ही चपला काढल्या. आजोबांनी हात जोडले आणि मोठ्याने गाऱ्हाणे घातले, "बा देवा म्हाराजा, ही परमुलखातली माणसा तुझी झाडा बघूक इली हत. काय चुकला-माकला तर सांभाळून घे रे म्हाराजा!" आणि गुरुजी, आमच्या कंधार तालुक्यातल्या कोरडवाहू शेतकऱ्याचा हा मुलगा, अगदी सहज, त्या ठेक्यात म्हणून गेला, "व्हय म्हाराजा!" मी त्याच्याकडे पाहिले. त्याच्या ते लक्षातही आले नव्हते.

आत पाणी होते. मे महिना, माझ्या गावी ह्या वेळी टँकरच्या रांगा. आणि येथे जमिनीतून झिरपून आलेले पाणी झाडांच्या पायांतून संथ वाहत होते. कोकणात ओढ्याला 'व्हाळ' म्हणतात. हा व्हाळ देवराईत शिरला की पसरतो, रेंगाळतो, आणि काळ्या मऊ गाळाची एक दलदल करून ठेवतो. आमच्याकडे पाणी न निथळणाऱ्या जमिनीला 'चिबड' म्हणतात आणि तिच्यात काही येत नाही म्हणून कपाळाला हात लावतात. ह्या चिबड जमिनीत जी झाडे उभी होती त्यांची खोडे वर पाहता पाहता मान दुखावी एवढी सरळ आणि उंच होती. पाने जवळजवळ हातभर लांब. शास्त्रज्ञांनी ह्या झाडाचे नाव 'मिरिस्टिका मॅग्निफिका' ठेवले आहे. त्यातल्या दुसऱ्या शब्दाचा अर्थ भव्य. आपण सोयीसाठी रानजायफळ म्हणू.

पण माझे लक्ष वर टिकले नाही. ते खाली, पाण्याकडे ओढले गेले; कारण पाण्यातून शेकडो गुडघे वर आले होते.

होय, गुडघेच. झाडाची मुळे चिखलातून वर येतात, वाकतात आणि पुन्हा चिखलात बुडी मारतात. दोन-दोन वीत उंचीच्या कमानी, एकीशेजारी एक, सगळ्या राईभर. खोडाच्या बुडाशी आणखी जाड मुळे आधाराला तिवईसारखी फाकलेली. एखादा मोठा समाज मांडी घालून, गुडघे वर काढून, पाण्यात कथाकीर्तन ऐकायला बसला आहे असे दिसत होते. मी विचारले, हे असे का? गुरुजी शास्त्रीय उत्तर देणार तोच आजोबा बोलले, "चिखलात झाडाचो जीव गुदमरता. म्हणान गुडघे वर काढता आणि दम घेता."

याहून वेगळे उत्तर वनस्पतिशास्त्रातही नाही. पाण्याने गच्च भरलेल्या गाळात हवा नसते, आणि मुळांना हवा लागतेच. म्हणून ही झाडे मुळांचा काही भाग पाण्याबाहेर काढतात; त्या मुळांच्या सालीवर बारीक छिद्रे असतात, त्यांतून हवा आत जाते. पाणी फार झाले, गुडघे बुडून राहिले, तर झाड गुदमरते. पाणी आटले, तर त्याची सगळी घडी मोडते. एवढ्या अरुंद पट्टीवर त्याचा संसार उभा आहे. जायफळाच्या कुळातल्या पश्चिम घाटातील पाच झाडांपैकी रामपत्रीसारखी इतर झाडे साध्या रानातही वाढतात. दलदलीशीच बांधलेली दोन, आणि त्यांतले एक हे.

आणखी एक गोष्ट गुरुजींनी सांगितली. ह्या झाडांत नर वेगळा आणि मादी वेगळी. पपईचे असते तसे. म्हणजे एकटे झाड वाचवून भागत नाही. जोड हवी, आणि ती एकमेकांच्या हाकेच्या अंतरावर हवी. एका झाडाच्या सालीला कुठेतरी फांदी घासून जखम झाली होती आणि तिच्यातून लालभडक रस ओघळून वाळला होता. जायफळाच्या साऱ्या घराण्याचे रक्त असे लाल. आमच्या गावी हे झाड असते तर त्याच्या नावावर एव्हाना दोन दंतकथा आणि एक जत्रा असती.

पायाशी एक फळ पडले होते. फुटून दोन शकले झालेली, आणि आत बीवर नारिंगी-लाल जाळी. हुबेहूब जायपत्री! मी नाकाजवळ नेले. वास जवळजवळ नाही. मिरिस्टिका ह्या नावाच्या पोटात सुगंधाचा अर्थ आहे. बांदाच्या जायफळाला तो शोभतो, ह्याला तो केवळ घराण्यामुळे मिळाला. मला वाटते, वास नसणे हेच त्याच्या पथ्यावर पडले. वास असता तर ते बरणीत गेले असते. पण धनेशाला वासाशी कर्तव्य नसते. ते लाल वेष्टन त्याला आवडते. तो बी गिळतो, वेष्टन पचवितो आणि बी दूर नेऊन टाकतो. आम्ही असताना एक धनेश वरून गेला. पंखांचा आवाज आला. आमच्या बैलगाडीच्या चाकाला वंगण नसले म्हणजे येतो तसला.

मला आमच्या बी.ए.च्या मुलाचे बी आठवले. मी विचारले, ह्यातले एक नेता येईल का? आजोबा काही बोलले नाहीत. त्यांनी नुसते देवाच्या पाषाणाकडे पाहिले. राईतले काही बाहेर न्यायचे नाही, वाळलेली काटकीसुद्धा नाही, हा तिथला कायदा. गुरुजींनी मग दुसरे कारण सांगितले, ते अधिकच निरुत्तर करणारे. ह्या बियांना सुकणे सोसत नाही. गव्हाचा, हरभऱ्याचा दाणा वर्षभर कणगीत राहतो आणि पेरला की उगवतो. हे बी थोडे सुकले तरी मेले. ते झाडावरून पडते ते ओल्यातच पडते आणि ओल्यातच रुजते. "सर, सोलापूर यायच्या आत ते मेलेलं असंल," तो म्हणाला. कंधारच्या कॉलेजच्या आवारात ते झाड होणे नाही. जगत्तुंग समुद्राच्या काठीसुद्धा नाही.

ही राई किती मोठी? सरकारी कागदावर २.५९ हेक्टर, म्हणजे सुमारे साडेसहा एकर. आमच्या गुरुजींच्या घरच्या कोरडवाहूपेक्षा थोडी जास्त! २०२१ साली महाराष्ट्र शासनाने तिला जैविक वारसा स्थळ म्हणून जाहीर केले. त्याच वर्षी आणि त्याच जिल्ह्यात, आंबोलीच्या हिरण्यकेशीच्या उगमातल्या एका लहानशा माशालाही असाच मान मिळाला. अशा दलदली पूर्वी पश्चिम घाटात पुष्कळ असाव्यात. केरळात त्यांचे पहिले शास्त्रीय वर्णन १९६० साली झाले. उत्तर कन्नड जिल्ह्यात सिद्दापूरजवळ 'कत्तलेकान' नावाच्या रानात त्या आहेत. आम्हा नांदेडकरांना शेजारच्या कानडीची थोडी चव असते. कत्तले म्हणजे काळोख, कान म्हणजे रान. काय नेमके नाव ठेवले आहे! गोव्यात सत्तरी तालुक्यात निरंकाराची राय आहे, तीही देवाचीच. आणि दोडामार्ग तालुक्यात ही बांबर्ड्याची, शिवाय अलीकडे कुंब्रल गावी नोंद झालेली आणखी एक. नोंद झालेल्यांत ह्या अगदी उत्तरेकडच्या. ह्याच्या वर, पुण्यामुंबईकडे, त्यांची वस्ती संपली.

बाकीच्या दलदली कुठे गेल्या हे समजायला फार विद्वत्ता नको. सपाट जागा, बारमाही पाणी आणि काळा गाळ हे सगळे एकत्र दिसले की शेतकऱ्याला तेथे भातखाचर दिसते किंवा पोफळीची बाग दिसते. मी शेतकऱ्याचा मुलगा. त्याला दोष देण्याची माझी छाती नाही. मन्याडच्या काठी अशी जागा मिळाली असती तर आमच्या आजोबांनी काय केले असते ते मला पक्के ठाऊक आहे. केरळ-कर्नाटकात असेच झाले. जेथे देव बसला होता तेथे तेवढे राहिले. आम्ही शहरी सुशिक्षित माणसे देवभोळेपणाला हसतो. मीही वर्गात अंधश्रद्धेवर व्याख्याने दिली आहेत आणि पुढेही देईन. पण कागदाचे संरक्षण २०२१ चे आणि आजोबांच्या कमरेच्या रिकाम्या आकडीचे संरक्षण कधीचे, ह्याचा हिशेब मला त्या पाण्यात उभे राहून करावा लागला, आणि तो माझ्या व्याख्यानांना फारसा सोयीचा नव्हता.

तरीही देवाला हद्द असते. राईची हद्द त्याची. व्हाळ मात्र वरून येतो. वरच्या अंगाला कोणी पाणी बागेकडे वळविले, डोंगर उघडा करून रबर लावले, आणि व्हाळ मे महिन्यात आटला, तर आतले एकही झाड न तोडता सगळी राई मरेल. २०१३ साली मुंबई उच्च न्यायालयाने सावंतवाडी-दोडामार्ग पट्ट्यात वृक्षतोडीला मनाई केली. २०२४ साली त्याच न्यायालयाने हा पट्टा पर्यावरणाच्या दृष्टीने संवेदनशील म्हणून जाहीर करण्याची कार्यवाही करण्यास सरकारला सांगितले. हे आजोबांना ठाऊक होते. ते म्हणाले, "कोर्टान सांगला ता बरा केला. पण कोर्ट लांब, आणि वरचो डोंगर जवळ."

आमच्यासारख्या पाहुण्यांचीही एक पीडा आहेच. नाव झाले की गाड्या येणार, फोन हातात घेऊन माणसे आत शिरणार, आणि चांगल्या छायाचित्रासाठी त्या गुडघ्यांवर पाय देऊन उभी राहणार. म्हणून येथे कसे जायचे, कुठे राहायचे, जेवायला काय मिळते वगैरे प्रवासवर्णनातली नेहमीची माहिती मी देणार नाही. संपादक रागावले तरी चालेल. (कुळथाची पिठी मात्र कुठेही मिळाली तर सोडू नका.)

दुपारी गुरुजींच्या शाळेत गेलो. सुट्टीमुळे शाळा बंद. पण मागच्या अंगणात, विहिरीच्या सांडपाण्याच्या चराजवळ, गोणपाटाच्या आडोशाला काळ्या पिशव्यांत रोपे होती. मोजली, सतरा. पाने अजून हाताच्या बोटाएवढी, पण ठेवण तीच. बी आणले कुठून, म्हणून मी जरा दचकून विचारले. त्याने आजोबांकडे पाहिले. आजोबा म्हणाले, "राईतला न्हय. राईच्या भायर व्हाळातसून व्हावत इलेला. ता देवान दिलेला." पावसाच्या पहिल्या लोंढ्याबरोबर जी बिया वाहत राईबाहेर येतात तेवढ्या शाळेतल्या मुलांनी वेचायच्या, त्याही घरी न नेता थेट ओल्या वाळूत ठेवायच्या, असे ठरले आहे. तीन पावसाळे झाले. पहिल्या वर्षी एकही उगवले नाही. दुसऱ्या वर्षी उगवली ती खेकड्यांनी खाल्ली. आता ही सतरा. आणखी तीन-चार वर्षे सांभाळली म्हणजे व्हाळाच्या काठी, राईला लागून असलेल्या ओल्या पट्ट्यात लावायची. तो पट्टा ज्यांचा आहे त्यांनी होय म्हटले आहे. म्हणजे नाही म्हटलेले नाही.

संध्याकाळी ओसरीवर बसलो असताना गुरुजींनी मनातले सांगितले. ह्या खेपेच्या बदलीच्या यादीत नाव येण्याची बरीच शक्यता आहे. पहिली पसंती कंधार तालुका. आईचे डोळ्यांचे ऑपरेशन व्हायचे आहे. वडिलांना आता शेत झेपत नाही. अकरा वर्षे ज्या कागदाची वाट पाहिली तो कागद आला तर जायलाच हवे, आणि जाणार हे त्याने मला दोनदा सांगितले. मी विचारले नसताना.

"मग रोपांचं?" मी म्हणालो.

त्याने आतून एक दोनशे पानी वही आणली. सहावीत गेलेली एक मुलगी आहे, तिचे घर व्हाळाला लागूनच. तिच्या आजोबांनाच आम्ही सकाळी बरोबर नेले होते. सुट्टीतही ती रोज सकाळी येते, पाणी घालते आणि वहीत लिहून ठेवते. मी वही उघडली. व्याकरणाच्या चुका काढायची सवय हाताला आहे. लाल पेन खिशात होते, ते मी बाहेर काढले नाही. शेवटच्या पानावर त्या दिवशीची नोंद होती:

'पाणी घातले. सर पाहुण्यांसंगती राईत गेले. नंबर नऊला नवीन पान फुटले, आता पाच. नंबर चौदाचे खेकड्याने एक खाल्ले. खेकडा पकडून व्हाळात सोडला. तो परत येतो.'